अलिबागची घोडागाडी : कुलाब्याला नेणारी आणि वेळेवर परत आणणारी

भूगोल शिकवण्यात माझी एकतीस वर्षं गेली. ‘बेट म्हणजे काय?’ हा प्रश्न मी किती वर्गांना विचारला असेल, याचा हिशेब नाही. ‘चारही बाजूंनी पाण्याने वेढलेला जमिनीचा भाग’ असं मुली एका सुरात म्हणायच्या, मी फळ्यावर लिहायचे आणि तास पुढे सरकायचा. हे उत्तर अर्धंच आहे, हे मला अलिबागच्या किनाऱ्यावर कळलं. म्हणून अलिबाग समुद्रकिनारा ते कुलाबा किल्ला या घोडागाडीच्या फेरीबद्दल लिहिताना मी थोडं बेटाबद्दलही लिहिणार आहे. बेट समजलं नाही, तर ही गाडी चांगली की वाईट हे ठरवताच येत नाही.

गेल्या फेब्रुवारीत सहावीतल्या नातीला, चिऊला, घेऊन गेले होते. आदल्या दिवशी दुपारी चारला किनाऱ्यावर पोचलो. समोर किल्ला, मध्ये पाणी, आणि वाळूत पाच-सहा घोडागाड्या उभ्या. पहिल्याच गाडीवाल्याला विचारलं, “दादा, किल्ल्यावर नेता का?”

तो समुद्राकडे न बघताच म्हणाला, “आज नाय बाई. पाणी उतरतंय, पण वाट उघडेपर्यंत काळोख पडंल. उद्या चतुर्थी ना? सकाळी पावणेआठला या. नऊला पुरी ओहोटी. अकराच्या आत तुम्हाला इथं परत आणून सोडतो.”

समोर उभं असलेलं गिऱ्हाईक त्याने परत पाठवलं. माझ्या लेखी या सेवेचे निम्मे गुण तिथेच मिळाले. निम्मे का, ते सांगते.

1994 साली, दत्तजयंतीच्या दुसऱ्या दिवशी, आमच्या शाळेची सहल इथे आली होती. एकेचाळीस मुली, आम्ही दोघी शिक्षिका. सहल नेणारी मंडळी बाहेरची होती. त्यांनी सकाळी साडेसातला आम्हाला वाळूवर उतरवलं, “चला, पाणी नाहीये, चालतच जाऊ” म्हणाले आणि निघालो. पौर्णिमेच्या आसपासची उधाणाची ओहोटी सव्वासहाच्या सुमारास होऊन गेली होती, म्हणजे पाणी परतीला लागून तास उलटला होता. हे त्यांना ठाऊक नव्हतं आणि मलाही नव्हतं. मी भूगोलाची शिक्षिका! भरती-ओहोटीच्या आकृत्या फळ्यावर डोळे मिटून काढायचे, पण त्या दिवसाची तिथी कोणती आणि पाणी कुठे आहे, हे बघितलं नव्हतं. नऊला आम्ही महादरवाज्याशी आलो, तर जिथून कोरड्या पायांनी आलो होतो तिथे लाटा होत्या. दोन मुली खाली उतरायला निघाल्या, तेव्हा किल्ल्यात राहणाऱ्या एक बाई ओरडल्या, “कुणी उतरू नका गं, मधल्या घळीत पाणी डोक्यावरून जातं!”

दुपारी साडेचारपर्यंत आम्ही तिथेच होतो. मोबाइलचे दिवस नव्हते. मुलींच्या बाटल्या दहा-साडेदहालाच संपल्या. मग त्याच बाईंनी किल्ल्यातल्या विहिरीचं पाणी कळशीने काढून दिलं. गोड पाणी. आजूबाजूला नजर जाईल तिथवर खारट समुद्र आणि मधोमध हे गोड पाणी. एका मुलीने विचारलं, “बाई, हे खारट का नाही?” मी काय उत्तर दिलं ते आठवत नाही, पण तो प्रश्न माझ्या मनातून आजवर गेलेला नाही.

तर बेटाबद्दल. संयुक्त राष्ट्रांच्या 1982 च्या सागरी कायद्याच्या करारात बेटाची व्याख्या आहे, कलम 121 मध्ये. नैसर्गिकरीत्या तयार झालेला, पाण्याने वेढलेला आणि भरतीच्या वेळी पाण्याच्या वर राहणारा जमिनीचा भाग म्हणजे बेट. आकाराची अट कुठेच नाही. एकरभर असो नाहीतर खाटेएवढं असो, भरतीला डोकं वर पाहिजे. ओहोटीला दिसतं आणि भरतीला बुडतं ते बेट नव्हे, त्याचा हिशेब करारात वेगळा केला आहे. आपल्या शाळेच्या व्याख्येत ‘भरतीच्या वेळी’ हेच दोन शब्द नव्हते, आणि सगळी गंमत त्या दोन शब्दांतच आहे.

त्याच कलमात पुढे असंही म्हटलंय की ज्या खडकावर माणसाची वस्ती किंवा त्याचं स्वतःचं अर्थजीवन टिकू शकत नाही, त्याला भोवतीचं 200 सागरी मैलांचं आर्थिक क्षेत्र मिळत नाही. म्हणजे बेट लहान असलं तरी चालेल, पण तिथे जगता आलं पाहिजे. उत्तर अटलांटिकमधला रॉकऑल हा जेमतेम 17 मीटर उंचीचा एकटा सुळका ब्रिटनने 1955 मध्ये आपला म्हणून जाहीर केला, पण 1997 मध्ये या करारात सामील होताना त्याच्या आधारावर मागितलेलं मासेमारीचं क्षेत्र सोडून दिलं. जपानचं ओकिनोतोरी याच्या अगदी उलट. तिथे भरतीला वर उरतात दोन चिमुकले खडक. ते झिजून जाऊ नयेत म्हणून जपानने 1987 पासून त्यांच्याभोवती काँक्रीटचं कडं घातलं आणि त्या दोन खडकांवर अफाट समुद्राचा हक्क सांगितला. चीन आणि दक्षिण कोरियाला तो मान्य नाही. 2016 मध्ये हेगच्या लवादाने दक्षिण चीन समुद्रातल्या इतु आबाला, तिथे गोड्या पाण्याच्या विहिरी असूनही, ‘खडक’च ठरवलं. तिथली माणसं बाहेरून येणाऱ्या शिध्यावर जगतात, असं लवादाचं म्हणणं. कायदा म्हणून ते बरोबर असेलही. पण एकेचाळीस तहानलेल्या मुली घेऊन जो दिवसभर अडकला आहे, त्याला विहीर असलेल्या जागेला खडक म्हणवणार नाही. मला तरी म्हणवत नाही.

आता फेरीकडे. पावणेआठला पोचलो, तर दादा घोडीला चणे चारत होता. मी आधी घोडी बघितली. छातीपट्ट्याखाली जखमा नव्हत्या, खूर साफ होते, डोळ्यांत चिकटा नव्हता. कृपा करून प्रत्येकाने एवढं बघावं. जिथे जनावराच्या अंगावर घासल्याच्या खुणा दिसतील ती गाडी सोडून द्या. खाऱ्या पाण्यात ती जखम किती झोंबत असेल! गाडीची बैठक उंच आहे, म्हणजे मध्ये पाणी असलं तरी पाय ओले होत नाहीत. पण त्या उंचीमुळे माझ्या गुडघ्यांना चढणं कठीण होतं. त्याने न सांगता गाडीखालून प्लास्टिकचं स्टूल काढून ठेवलं. बैठकीवर जाड गादी नाही, दगडांवरून जाताना हिसके बसतात. कंबरदुखी असेल त्यांनी घडी घातलेली शाल खाली घ्यावी.

वाट आधी वाळूची, मग काळ्या कातळाची. वाळूत चाकाचा आवाजही येत नाही. कातळ लागला की गाडी पाऊल मोजत चालते आणि दादा घोडीशी बोलायला लागतो. मी त्याला विचारलं, वेळ कशी काढता, मोबाइलवर? तो म्हणाला, “मोबाइलवर पण बघतो. पण आज्याने शिकवलंय, तिथीची पाऊणपट.” हा हिशेब कोकणकिनाऱ्यावर जुना आहे आणि इतका सोपा आहे की मी तो वर्गात कधीच कसा शिकवला नाही, याचं आज वाईट वाटतं. तिथीचा आकडा घ्यायचा, त्याची पाऊणपट करायची, तेवढ्या वाजता पूर्ण भरती. चतुर्थी म्हणजे चाराची पाऊणपट तीन, तेव्हा पहाटे आणि दुपारी तीनला भरती, सकाळी नऊला ओहोटी. अष्टमीला सहाला भरती, बाराला ओहोटी. पौर्णिमा-अमावास्येला बाराच्या सुमारास भरती, सहाच्या सुमारास ओहोटी. मिनिटांचा फरक पडतो, पण दिवस ठरवायला हे पुरतं.

यातून एक गोष्ट निघते, जी सहलीला येणाऱ्या बहुतेकांच्या ध्यानात येत नाही. अष्टमीला भर दुपारी बाराला ओहोटी, म्हणजे सोयीची वेळ, असं वाटतं. पण अष्टमीच्या सुमारास भांग असतो, पाणी धड चढत नाही आणि धड उतरतही नाही. वाट अर्धवटच उघडते. उधाणाला मात्र भरती आणि ओहोटीत या किनाऱ्यावर 4 ते 5 मीटरचा फरक पडतो, पाणी पार लांब जातं, पण त्या दिवशी ओहोटी पहाटे सहाला नाहीतर संध्याकाळी सहाला. दोन्ही गोष्टी जमवायच्या तर द्वितीया ते चतुर्थी, सकाळची फेरी. संकष्टीला गेलात तर वर किल्ल्यातल्या सिद्धिविनायकाचं दर्शनही होतं. आम्ही त्याच दिवशी गेलो, त्यामुळे दर्शनाला जाणारी बरीच मंडळी भेटली. गर्दी नको असेल तर आदला दिवस गाठा.

किल्ल्याशी उतरल्यावर लगेच दरवाज्यात शिरू नका. तटाच्या पायथ्याशी पाच मिनिटं थांबा. मी चिऊला तिथे उभं केलं आणि म्हटलं, दगड बघ. खालचे दगड काळपट-हिरवे, ओले, त्यांवर कालवं घट्ट बसलेली, धारदार, हात लावला तर कापेल अशी. वर बघत गेलं की एका उंचीवर कालवं संपतात, अगदी रांगेने, जणू कुणी दोरी धरून आखलंय. त्याच्या वरचा दगड कोरडा, करडा. ती रेघ समुद्राने आखलेली आहे. तिच्या खालचं सगळं रोज दोनदा समुद्राचं होतं, वरचं ते बेट. कराराच्या कलमातलं ‘भरतीच्या वेळी पाण्याच्या वर’ हे इथे दगडावर बोटाने दाखवता येतं. शेजारीच एक कोळीण बाई उकिडव्या बसून कालवं फोडत होत्या. लोखंडी टोच्याचा एक घाव, कवच उघडायचं, आतला करडा मऊ गोळा डब्यात. चिऊने विचारलं, “रोज येता?” त्या म्हणाल्या, “पाणी देईल तेवढा येळ.”

दुसरी बघण्यासारखी गोष्ट म्हणजे तटाचं बांधकाम. मोठमोठे दगड चुना न घालता नुसते एकावर एक बसवले आहेत. फटींत हात घातला तर आतून गार वारा लागतो. लाट आदळली की पाणी फटींत शिरतं, तिचा जोर तिथेच मोडतो आणि पाणी निथळून जातं. चुन्याने सांधलेली सलग भिंत असती, तर प्रत्येक लाटेचा पूर्ण धक्का तिने अंगावर घेतला असता. शिवाजी महाराजांनी मार्च 1680 मध्ये या किल्ल्याच्या बांधकामाला हात घातला, आणि पुढच्याच महिन्यात ते गेले. संभाजी महाराजांनी 1681 मध्ये काम पुरं केलं. पुढे कान्होजी आंग्र्यांनी इथून सगळ्या किनाऱ्यावर जरब बसवली. 1721 मध्ये इंग्रज आणि पोर्तुगीज दोघे मिळून चालून आले तरी कुलाबा पडला नाही. इतक्या लहानशा जागेने दोन दर्यावर्दी सत्तांना परत पाठवलं. दिवसातून दोनदा फौजेला चालून येता येईल अशी वाट असलेलं बेट खरंतर कमकुवत वाटतं. पण चालून येणाऱ्याला परतायची घाई असते आणि आतल्याला नसते, हे मी त्या साडेसात ते साडेचारमध्ये चांगलं शिकले.

आत महादरवाज्यावरचं मोर-हत्तींचं कोरीवकाम, 1759 मध्ये राघोजी आंग्र्यांनी बांधलेलं गणेश पंचायतन (तेच सिद्धिविनायकाचं देऊळ), पुष्करणी, विहीर, दर्गा आणि उत्तरेच्या बाजूला इंग्लंडमधल्या लो मूरच्या कारखान्यात ओतलेल्या, चाकांवरच्या दोन तोफा. गाडीवाल्यांनी दिलेल्या वेळेत हे निवांत होतं, फोटो काढत बसलात तर होत नाही. मी विहिरीपाशी जरा जास्त थांबले. कठडा ओळखीचा वाटला. आता ते पाणी प्यायला सांगणार नाही, बाटल्या बरोबर न्या. पण चिऊला डोकावून बघायला लावलं. हे पावसाचं, कातळाने धरून ठेवलेलं पाणी. ते नसतं तर हा किल्ला चार दिवस लढला नसता आणि माझ्या मुली त्या दिवशी आजारी पडल्या असत्या.

किल्ल्याच्या उत्तरेला सर्जेकोट आहे, दगडी सेतूने जोडलेला. आत रिकामाच, तट आणि बुरूज तेवढे. बेटाच्या शेजारचं हे त्याहून धाकटं बेट बघायला फार कमी लोक जातात. तिथे उभं राहून मागे वळून पाहिलं की कुलाबा मोठा देशच वाटतो.

चिऊने तिथेच विचारलं, “आजी, मुंबईचा कुलाबा म्हणजे हाच का?” नाही, पण तोही बेटच होता गं. मुंबईच्या सात बेटांतला. तिथेही लोक ओहोटी बघून जायचे-यायचे. 1838 मध्ये दगडी रस्ता झाला आणि भरतीला तिथे काही म्हणायला उरलं नाही. आज कुलाब्याच्या रस्त्यावर खरेदी करणाऱ्या माणसाला आपण एके काळच्या पाण्यावर उभे आहोत हे जाणवतही नाही. अलिबागच्या कुलाब्याने तेवढं आपलं बेटपण राखलंय. एका अख्ख्या जिल्ह्याला 1981 पर्यंत याच लहानशा जागेचं नाव होतं. त्या साली तो रायगड जिल्हा झाला.

दहा वाजून पस्तीस मिनिटांनी दादा दरवाज्यात येऊन उभा. “बाई, चला. घळ भरायला लागली.” आम्ही लगेच निघालो. येताना कोरड्या असलेल्या घळीत आता घोडीच्या गुडघ्यापर्यंत पाणी होतं. त्याने तिला थांबवलं नाही, चाबूकही उगारला नाही, फक्त “हो, हो, चल गं” म्हणत सरळ नेली. अकराला दहा कमी असताना आम्ही वाळूवर.

आणि तेव्हाच समोरून एक दुसरी गाडी किल्ल्याकडे निघालेली दिसली. आत एक कुटुंब, मांडीवर लहान बाळ. आमच्या दादाने हाक मारून काहीतरी सांगितलं, त्या गाडीवाल्याने हात हलवला आणि तो पुढे गेला. ते लोक सुखरूप आले असतील, अशी माझी आशा आहे. पण मला राग आला, तो अजून आहे. एका फेरीच्या पैशांसाठी बाळाला चढत्या पाण्यात नेणं हा धंदा नव्हे. किनाऱ्यावर त्या दिवसाच्या भरती-ओहोटीच्या वेळा ठळक लिहिलेला फलक मला कुठे दिसला नाही. एक फळा आणि रोज सकाळी खडूने लिहिलेल्या दोन ओळी एवढंच काम आहे. कुणी जबाबदारी देणार असेल तर मी स्वतः येऊन लिहीन, अक्षर चांगलं आहे माझं.

जाणाऱ्यांसाठी थोडं. गाडीचा दर हंगामाप्रमाणे आणि गर्दीप्रमाणे बदलतो, चढायच्या आधी जाऊन-येऊन किती ते ठरवा. पुरातत्त्व खात्याचं तिकीट वेगळं, 25 रुपये, पंधरा वर्षांच्या आतल्या मुलांना मोफत. पायात पट्ट्याची चप्पल किंवा जुने बूट हवेत, अनवाणी उतरलात तर कालवं पाय फाडतात. चालत जाणार असाल तर ओहोटीच्या दोन तास आधी निघून ओहोटीनंतर तासाभरात परत फिरा. भरतीला होडीनेही जाता येतं, पण वाट उघडताना आणि मिटताना बघायची असेल तर घोडागाडीच घ्या. पावसाळ्यात जाऊ नका.

मी या फेरीला पाचपैकी साडेचार देते. अर्धा गुण त्या दुसऱ्या गाडीपायी कापला. आमच्या दादाचं नाव इथे देत नाही, कारण गाड्या नंबराने लागतात आणि तुमच्या वाट्याला कोण येईल सांगता येत नाही. त्यापेक्षा जो कुणी असेल त्याला चढण्याआधी विचारा, “परत किती वाजता आणणार?” घड्याळातली वेळ सांगितली तर बसा. “बघू” म्हणाला तर पुढच्या गाडीकडे जा.